मुळशीचे गहाणखत

पुण्याहून पौडमार्गे ताम्हिणीच्या घाटाकडे निघाले की मुळशी धरणाची भिंत येण्याआधी माले हे गाव लागते. मालेच्या वरच्या अंगाला निळा आणि मुळा या नद्यांचे खोरे होते, आंबेमोहराची खाचरे होती. आज तिथे पाणी आहे. मुळशीचे नाव निघाले की १९२१ चा सत्याग्रह आठवतो, पांडुरंग महादेव बापटांना ‘सेनापती’ ही पदवी देणारा लढा आठवतो, आणि ते योग्यच आहे. पण या खोऱ्याला आणखी एक इतिहास आहे. तो धरणाच्या दोन पिढ्या आधी सुरू होतो आणि त्याच्याविषयी फारसे बोलले जात नाही. तो गहाणाचा इतिहास आहे. ज्या जमिनीसाठी मावळ्यांनी मार खाल्ला, तुरुंग भोगला, त्या जमिनीतला मोठा भाग कागदोपत्री त्यांचा उरलेला नव्हता. तो पुण्यात राहणाऱ्या सावकार-जमीनदारांच्या मालकीचा झाला होता, आणि मावळा आपल्याच आज्या-पणज्याच्या खाचरात कूळ म्हणून आवणी करत होता. आज याच मुळशी तालुक्यात, हिंजवडी, माण, मारुंजी, सूस, भूगाव या पट्ट्यात, हजारो कुटुंबे वीस-वीस, तीस-तीस वर्षांच्या गृहकर्जाने घरे घेत आहेत. दोन्हींना कायद्याच्या भाषेत शब्द एकच आहे: गहाण. म्हणून मुळशीच्या जुन्या गहाणाचा हिशोब नीट मांडला, तर गहाणाची किंमत मोजायची कशी हे कळायला मदत होते. माझे म्हणणे एवढेच आहे की ती किंमत व्याजाच्या दरात सापडत नाही. ती मुदतीत असते. कर्ज किती काळ जिवंत राहते, तो काळ वाढवण्याचे अधिकार कोणाच्या हातात असतात, आणि त्या काळात जमिनीचे नशीब पालटले तर कागद कोणापाशी असतो, या तीन गोष्टींनी ती ठरते.

आधी गहाणाचे प्रकार पाहू, कारण सगळी मेख तिथेच आहे. नजरगहाणात जमीन ऋणकोच्या ताब्यात राहते आणि सावकाराचा तिच्यावर फक्त बोजा असतो. ताबेगहाणात जमिनीचा ताबा सावकाराकडे जातो आणि व्याजाच्या ऐवजी तो उत्पन्न घेतो. मुदतखरेदीत ठरलेल्या दिवसापर्यंत पैसे परत दिले नाहीत तर गहाणाची खरेदी होते. सर्वांत शांतपणे माणसाला संपवणारा प्रकार ताबेगहाणाचा. सावकार पुण्यात राहतो, तो काही चिखलात उतरणार नसतो. तेव्हा ताबा घेतल्याबरोबर तो जमीन मूळ मालकालाच कसायला देतो आणि त्याच्याकडून कबुलायत लिहून घेतो. बांधावर दिसायला काहीच बदलत नाही. तोच नांगर, तीच बैलजोडी, तीच माणसे. बदलतो तो खळ्यावरचा हिशोब. राशीतला ठरलेला वाटा खंड म्हणून उचलला जातो आणि तो व्याजात जिरतो. मुद्दल जिथल्या तिथे राहते. वीस वर्षे भात घातले तरी वीस वर्षांनी फेडायची रक्कम पहिल्या दिवशी होती तेवढीच. गहाण सोडवण्याचा हक्क कायद्याने मोठा उदार होता. १९०८ च्या मुदतीच्या कायद्यात त्यासाठी ६० वर्षे होती. पण सोडवायचे तर सगळे मुद्दल एकदम आणून ठेवावे लागे, आणि ज्याच्या राशीतला वाटा दर साली निघून जातो त्याच्याकडे ते एकदम साठणार कुठून? हक्क साठ वर्षे कागदावर जिवंत राही आणि माणूस त्याच्याआधी मरे.

आपल्याकडे या अंतहीनतेवर जुना उपाय होता. दामदुपट. व्याज कितीही थकले तरी एका वेळी वसूल करायचे व्याज मुद्दलाच्या वर जाता कामा नये, हा धर्मशास्त्रातला नियम. मुंबई इलाख्यातली इंग्रजी न्यायालयेसुद्धा तो हिंदू ऋणकोच्या बाबतीत मानत. शंभर रुपयांच्या कर्जाचे दोनशे होतील, त्यापुढे नाही. या नियमामागचे शहाणपण असे की त्याने दराला हात लावला नाही, काळाला लावला. दर काय तो ठरवा, पण कर्जाला शेवट असू द्या. हा नियम मोडला गेला तो एका सुधारणेमुळे, हे सांगताना वाईट वाटते. १८५९ च्या कायद्याने साध्या कर्जरोख्यावर दावा करण्याची मुदत तीन वर्षांवर आणली. हेतू चांगला होता: जुनी, खोटी येणी उकरून कोणी कुणब्याला छळू नये. झाले उलटे. दावा बुडू नये म्हणून सावकार दर तीन वर्षांनी नवा रोखा लिहून घेऊ लागला आणि नव्या रोख्यात थकलेले व्याज मुद्दल म्हणून लिहिले जाऊ लागले. दरमहा शेकडा दोन हा दर धरून हिशोब करू. शंभर रुपयांवर तीन वर्षांचे व्याज ७२ रुपये. नवा रोखा १७२ चा. आणखी तीन वर्षांनी तो जवळजवळ २९६ चा, आणखी तीन वर्षांनी ५०९ चा. दामदुपटीने नऊ वर्षांनी जिथे २०० वर थांबायला हवे होते, तिथे नूतनीकरणाने ५०९ झाले. दर एका पैशाने वाढवला नाही. बदलला तो फक्त कागद, आणि प्रत्येक कागदाबरोबर घड्याळ शून्यावर आले.

हे काही माझे तर्कट नाही. १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातल्या सुपे गावी बाजाराच्या दिवशी शेतकरी सावकारांवर चालून गेले आणि ते लोण भीमथडीपासून नगर जिल्ह्यापर्यंत पसरले. त्या उठावाची चौकशी करायला नेमलेल्या आयोगाने कर्जवाढीची जी कारणे नोंदवली त्यांत या तीन वर्षांच्या मुदतीला महत्त्वाचे स्थान आहे. शेतकरी लग्नकार्यात पैसे उधळतो म्हणून बुडतो, ही तेव्हाची (आणि आजचीही) सोयीची समजूत आयोगाने तपासली आणि लग्नखर्चाला फाजील महत्त्व दिले जाते असे म्हटले. अमेरिकेतल्या यादवी युद्धाच्या काळात कापसाला भाव आला, सावकारांनी हात सैल सोडला, युद्ध संपल्यावर भाव कोसळला, त्यात सरकारने जमिनीचा सारा वाढवला. या सगळ्यात कुणबी अडकला. उठावकऱ्यांनी काय केले, हे मला फार बोलके वाटते. सोनेनाणे लुटण्याकडे त्यांचा रोख नव्हता. त्यांनी रोखे मागितले, खतपत्रे मागितली आणि ती जाळली. लिहितावाचता न येणाऱ्या माणसांनी आपल्या दुःखाचे मूळ अचूक ओळखले होते. ते कागदात होते.

मुळशीत हा उठाव झाला नाही. उठाव पूर्वेकडच्या कोरडवाहू मुलखाचा. मुळशी सह्याद्रीच्या कुशीतला, धुवाधार पावसाचा, भातशेतीचा मुलूख. पण म्हणून तिथले कर्ज हलके होते असे समजण्याचे कारण नाही. माझा तर्क उलटा आहे. कोरडवाहू भागात तिसऱ्या साली पीक बुडते, येणे थकते, भांडण होते, सावकार आणि कुणबी समोरासमोर येतात. जिथे दरवर्षी भात हमखास पिकते आणि त्या भाताला पुण्याच्या बाजारात मान असतो, तिथे खंड नेमाने पोचतो, तंटा होत नाही आणि गहाण बिनबोभाट पिढ्यान्‌पिढ्या चालते. पीक भरवशाचे असेल तर जमीन गहाण घेणाऱ्याला ती सोडण्याची घाई नसते. मावळातला शांतपणा कर्ज नसल्याचा नव्हता. कर्ज मुरल्याचा होता.

आयोगाच्या अहवालानंतर १८७९ मध्ये दख्खनच्या शेतकऱ्यांना दिलासा देणारा कायदा आला आणि पुणे, सातारा, अहमदनगर, सोलापूर या जिल्ह्यांना लागू झाला. म्हणजे मुळशीलाही. हिंदुस्थानच्या कायद्याच्या इतिहासात त्याच्याइतका धाडसी कायदा क्वचितच झाला असेल. न्यायाधीशाने रोख्यावरच्या आकड्यावर विसंबू नये, व्यवहाराच्या मुळापर्यंत जावे, पहिल्यांदा हातात किती पैसे पडले ते पाहावे, मुद्दल आणि व्याज वेगळे काढून नवा हिशोब मांडावा, असे त्यात होते. ऋणकोला पैसे दिल्याची पावती, दरसाल हिशोबाचा उतारा आणि पासबुक मागण्याचा हक्क मिळाला. एवढे असून जमिनी गेल्या कशा, असा आक्षेप कोणी घेईल, आणि तो रास्त आहे. उत्तर सावकारांच्या पुढच्या चालीत आहे. गहाणाची चौकशी होते ना, मग गहाण लिहायचेच नाही. साफ खरेदीखत लिहून घ्यायचे. पैसे आणलेस की जमीन परत देईन, हे तोंडी. कायद्याला हेही उमगले आणि पुढे दुरुस्ती करून, खरेदीखत दिसत असले तरी मूळ बोली गहाणाची होती हे तोंडी पुराव्याने शाबीत करायची वाट दिली गेली. पण त्यासाठी कोर्टाची पायरी चढावी लागे. दिवाणी दावा म्हणजे पुण्याच्या खेपा, वकील, साक्षीदार, आणि ज्याच्याविरुद्ध साक्ष द्यायची त्याच्याकडेच पुढच्या पेरणीचे बियाणे मागायचे. १९०३ पासून हक्कनोंदणीचे काम इलाख्यात सुरू झाले. गावच्या दप्तरात प्रत्येक गटाचा कब्जेदार कोण हे लिहिले जाऊ लागले. जे खरेदीखत आजवर पेटीत होते ते आता सरकारी नोंदीत उतरले. तोंडी बोलीला त्या नोंदवहीत रकाना नव्हता.

सावकाराची बाजूही मांडली पाहिजे, कारण त्याला निव्वळ राक्षस ठरवले की समजायचे काही उरत नाही. सारा रोखीत आणि ठरल्या तारखेला भरायचा असे. भात विकून पैसा हाती येईपर्यंत मधल्या महिन्यांत पैसे पुरवणारा दुसरा कोणी नव्हता. सहकारी पतसंस्थांचा पहिला कायदा १९०४ चा. त्या खेड्यांत रुजायला आणखी काळ लागला. बैल मेला, अवर्षण पडले, घरात दुखणे आले, तर सावकाराचेच दार. त्याचे काही पैसे बुडत, आणि बुडणाऱ्याचा भार न बुडणाऱ्यावर पडून दर चढे राही. हे सगळे मान्य. पण जोखमीची भरपाई दराने होते. त्यासाठी मुदत अनंत करण्याची गरज नसते. आणि जिथे पीक हमखास, जमीन हातात आणि खंड घरपोच, तिथे जोखीम ती कोणती उरली? सावकाराने सेवा दिली, हे खरे. त्या सेवेचा मोबदला कधीच पुरा झाला नाही, हेही तितकेच खरे.

१९१९ मध्ये टाटा पॉवर कंपनी स्थापन झाली. मुळशीजवळ धरण बांधून पाणी बोगद्यांनी सह्याद्रीपलीकडे कोकणात भिऱ्याला न्यायचे, तिथे वीज करायची आणि मुंबईला पोचवायची, अशी योजना. त्यासाठी पन्नासहून अधिक गावे आणि सुमारे ११,००० माणसे उठवावी लागणार होती. जमीन घ्यायची ती १८९४ च्या भूसंपादन कायद्याने, आणि सरकारने कंपनीसाठी ती घेऊन द्यायची. हा कायदा मोबदला कोणाला देतो, हा प्रश्न इथे निर्णायक आहे. जमिनीत ज्याचा ‘हितसंबंध’ आहे त्याला. बाजारभाव, वर सक्तीच्या संपादनाबद्दल १५ टक्के. ज्याच्या नावे मालकी, त्याचा मोबदला. जिथे जमीन अजून गहाण आहे, तिथे गहाणदाराचे येणे मोबदल्यावर चढते. (१९२९ च्या दुरुस्तीने मालमत्ता हस्तांतरणाच्या कायद्यात हे स्पष्ट लिहिलेच गेले, की संपादनाच्या रकमेतून गहाणदाराला आपले पैसे मागता येतात.) कसणाऱ्या कुळाच्या घामाला, ओळखीच्या डोंगराला, देवराईला, शेजाऱ्याला भाव नव्हता. तेव्हा धरणाच्या बातमीने खोऱ्यात दोन वेगळी गणिते सुरू झाली. मावळ्याचे गणित जमिनीचे होते: ती गेली की सगळे गेले. पुण्यातल्या मालकाचे गणित रकमेचे होते: किती मिळेल.

१६ एप्रिल १९२१, रामनवमी. सुमारे १,२०० मावळे धरणाच्या कामावर जाऊन बसले आणि काम बंद पडले. जान किंवा जमीन, ही त्यांची शपथ होती. न. चिं. केळकर, शि. म. परांजपे यांच्यासारखे पुढारी, बापट आणि विनायकराव भुस्कुटे यांच्यासारखे झोकून दिलेले कार्यकर्ते, आणि अर्थात ज्यांची नावे फारशी कुठे आली नाहीत ती खेड्यांतली बायामाणसे. काही महिने काम थांबले, वर्षअखेरीस पुन्हा सुरू झाले, आणि लढा लांबत गेला. तो लांबताना त्यातली फट रुंदावली. धरणच नको म्हणणारे एकीकडे आणि योग्य मोबदला घेऊन प्रश्न मिटवावा म्हणणारे दुसरीकडे. खोऱ्यात जमिनी असलेले पुण्यातले मालक दुसऱ्या बाजूला होते. राजेंद्र व्होरा यांनी मुळशी सत्याग्रहाचा जो सविस्तर अभ्यास केला आणि जो २००९ मध्ये पुस्तकरूपाने आला, त्यात मालक आणि कसणारे यांच्या हितातली ही तफावत पुढे आली आहे. डिसेंबर १९२४ मध्ये बापटांनी कंपनीची गाडी अडवली, त्यांना सात वर्षांची शिक्षा झाली आणि लढा संपला. भिऱ्याचे वीजघर १९२७ मध्ये चालू झाले. त्या मालकांचा द्वेष करण्यासाठी मी हे लिहीत नाही. स्वतःच्या मालमत्तेचा चांगला भाव मागणे हा गुन्हा नव्हे. मुद्दा असा की ती मालमत्ता त्यांची झाली तीच गहाणातून, आणि त्या गहाणाची पूर्ण किंमत मावळ्याला कळली ती मोबदल्याच्या कचेरीत. तोपर्यंत तो समजत होता की आपण दरसाल काही खंडी भात देतो, एवढीच किंमत. प्रत्यक्षात त्याने विकला होता तो जमिनीचा पुढचा सगळा काळ: तिची उद्याची किंमत, तिच्याविषयी होय किंवा नाही म्हणण्याचा अधिकार, आणि तिच्यावाचून दुसरीकडे नव्याने उभे राहण्याचे भांडवल.

यावर कोणी म्हणेल की धरण हा अपघात होता. लाखात एखाद्या खोऱ्याच्या वाट्याला येतो, तो गहाणाच्या खात्यात कशाला मांडायचा? मला हे पटत नाही. जमिनीचे नशीब पालटणे ही अपवादात्मक घटना नाही, मुळशीत तर नाहीच. १९४८ च्या कूळ कायद्यानुसार १ एप्रिल १९५७ हा कृषक दिन ठरला आणि कसणारी कुळे जमिनीची मालक झाली. ज्यांची खाचरे धरणाबाहेर, कोरड्यावर राहिली होती त्या कुळांना तीन पिढ्यांपूर्वी गमावलेली जमीन परत मिळण्याची वाट उघडली. ज्यांची पाण्याखाली गेली त्यांना मालक व्हायला जमीनच नव्हती. तीस-पस्तीस वर्षांच्या अंतराने नियतीचे पारडे फिरले, आणि ते फिरले तेव्हा कोण कुठे उभा होता यावर सगळे ठरले. पुढे नव्वदीच्या दशकाच्या अखेरीपासून हिंजवडीला माहिती-तंत्रज्ञान उद्यान आले, मग दासवे परिसरात लवासा आले, आणि मुळशीच्या जमिनीने चौथ्यांदा कूस बदलली. शंभर वर्षांत चार वेळा. ज्या गोष्टीची मुदत एका पिढीपेक्षा मोठी असते तिच्यात असे पालटणे गृहीतच धरले पाहिजे.

आता हिंजवडीतल्या गृहकर्जाकडे येऊ. प्रथम फरक स्वच्छ सांगतो, कारण बँकेला सावकार म्हणणे हे भाषणात ठीक, हिशोबात नव्हे. इथे घर ऋणकोच्या नावावर असते, ताबा त्याचा असतो, भाव वाढला तर वाढ त्याची असते, आणि प्रत्येक हप्त्यात थोडे का होईना मुद्दल फिटते. हे नजरगहाण आहे, ताबेगहाण नव्हे. तरीही मुदतीचे गणित पाहा. ५० लाख रुपये, साडेआठ टक्के, २० वर्षे. हप्ता सुमारे ४३,३९१ रुपये. पहिल्या हप्त्यातले ३५,४१७ रुपये व्याजाचे, मुद्दलात जातात ७,९७४. पाच वर्षांत २६ लाख भरून होतात आणि मुद्दल कमी होते फक्त सहा लाखांच्या आसपास. अर्धे मुद्दल फिटायला जवळजवळ चौदा वर्षे लागतात. वीस वर्षांनी एकूण भरणा होतो एक कोटी चार लाखांचा, म्हणजे व्याज ५४ लाख, मुद्दलापेक्षा जास्त. मुदत तीस वर्षे केली तर हप्ता केवळ पाच हजारांनी उतरतो, ३८,४४६ होतो. एकूण व्याज मात्र ८८ लाखांवर जाते. दर तोच. दामदुपटीचा नियम थकलेल्या व्याजाचा होता, भरलेल्या व्याजाच्या बेरजेचा नव्हे, म्हणून हे दामदुपटीचे उल्लंघन आहे असे मी म्हणणार नाही. पण हप्ता परवडतो का एवढाच प्रश्न विचारून तीस वर्षांचे कर्ज घेणारा माणूस आणि दरसालचा खंड देता येतो ना एवढेच पाहून कबुलायत लिहून देणारा मावळा, हे दोघे एकच चूक करतात. दोघेही खळ्यावरचा वाटा पाहतात, मुदत पाहत नाहीत.

अशी बेरीज फसवी आहे, असा अर्थशास्त्र जाणणाऱ्यांचा आक्षेप असतो, आणि त्यात तथ्य आहे. विसाव्या वर्षीचा रुपया आजच्या रुपयाएवढा नसतो. वर्षाला पाच टक्के महागाई धरली तर वीस वर्षांनी भरलेला ४३,३९१ चा हप्ता आजच्या साधारण १६,००० रुपयांएवढाच जड असेल. शिवाय त्या वीस वर्षांत भाडे वाचते. मला हा आक्षेप मोलाचा वाटतो तो वेगळ्याच कारणाने. तो लावून पाहिला की मावळ्याचे दुःख आणखी स्पष्ट होते. मावळा हप्ता रुपयांत देत नव्हता, भातात देत होता. रुपया झिजतो, आंबेमोहर झिजत नाही. महागाईचा जो फायदा आजच्या ऋणकोला मिळतो तो त्या काळी पुरता सावकाराला मिळाला. तेव्हा आजचे कर्ज बरे, यात शंका नाही. पण ते बरे राहते ते दोन अटींवर: पगार महागाईबरोबर वाढला पाहिजे, आणि मुदत ठरली तेवढीच राहिली पाहिजे.

दुसरी अट किती नाजूक आहे ते २०२२-२३ मध्ये दिसले. मे २०२२ च्या सुरुवातीला रिझर्व्ह बँकेचा रेपो दर ४ टक्के होता, फेब्रुवारी २०२३ मध्ये साडेसहा झाला. सात टक्क्यांनी घेतलेले नवे कर्ज साडेनऊवर जाण्याएवढा हा फरक. ५० लाखांवर सात टक्क्यांनी वीस वर्षांचा हप्ता ३८,७६५ रुपये. साडेनऊ टक्क्यांनी त्याच मुद्दलावर एका महिन्याचे नुसते व्याज ३९,५८३. म्हणजे कर्ज ताजे असताना दर एवढा चढला आणि हप्ता तोच ठेवला, तर तो व्याजालाही पुरत नाही आणि कर्ज फिटण्याऐवजी वाढत राहते. असंख्य लोकांचा हप्ता बदलला नाही, मुदत वाढली, आणि अनेकांना ते उशिरा कळले. तीन वर्षांनी रोखा नवा करून घेणाऱ्या सावकाराची आठवण मला इथे येते, हेतूमुळे नव्हे, परिणामामुळे: दोन्हीकडे वर्षे वाढतात आणि ज्याला ती भरायची तो पाहत नसतो. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने बँकांना सांगितले की दर बदलला तर हप्ता वाढवायचा की मुदत, हे ऋणकोला विचारा, आणि मुदत वाढवताना कर्ज फुगत जाईल असे होऊ देऊ नका. ऑक्टोबर २०२४ पासून किरकोळ कर्जांसाठी सर्व खर्च धरून एकूण वार्षिक दर सांगणारा मुख्य तथ्यांचा तक्ता देणे सक्तीचे झाले. १८७९ च्या कायद्यातले पासबुक आणि वार्षिक उतारा जवळजवळ दीडशे वर्षांनी नव्या रूपात परत आला.

मात्र त्या कायद्यातली दुसरी अर्धी बाजू परत आलेली नाही. रोख्याच्या मागे जाऊन हिशोब उलगडण्याचा जो अधिकार तेव्हा न्यायाधीशाला होता, तो बँकांच्या बाबतीत आज नाही. व्याजदर अवाजवी आहे या कारणावरून बँकेचा व्यवहार कोर्टाला उघडता येत नाही, असे १९८४ पासून बँकिंग नियमन कायद्यात आहे. खासगी सावकाराला मुद्दलापेक्षा जास्त व्याज घेता येत नाही, ही दामदुपट महाराष्ट्राच्या २०१४ च्या सावकारी कायद्यात टिकून आहे, पण तो कायदा बँकांना लागू नाही. आणि गहाण सोडवण्याच्या हक्काला पूर्वी साठ वर्षे होती; २००२ च्या सरफेसी कायद्याखाली थकलेल्या घरासाठी ६० दिवसांची नोटीस येते, कोर्टात न जाता ताबा घेता येतो, आणि लिलावाची सूचना प्रसिद्ध झाली की घर सोडवण्याची वाट बंद होते. साठ वर्षांचा हक्क वांझोटा होता हे मी वर म्हटलेच आहे. लांब मुदतीनेच मावळा मेला. पण साठ वर्षे आणि साठ दिवस यांच्यात माणसाला सावरायला पुरेल असा कुठला तरी काळ असायला हवा. ऋणकोच्या हाती आज जे खरे हत्यार आहे ते मुदत आपण होऊन आखडण्याचे. बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतीआधी फेडल्याबद्दल बँकांना २०१२ पासून दंड आकारता येत नाही. वरच्याच ५० लाखांच्या कर्जात ४३,३९१ ऐवजी ५०,००० भरत गेले तर कर्ज साडेचौदा वर्षांत संपते आणि जवळजवळ १७ लाख वाचतात. मावळ्याला ही सोय नव्हती. त्याला एकदम सगळे आणायचे होते.

कर्ज संपल्यावरही एक काम राहते. मालेसारख्या गावी सातबाऱ्याच्या इतर हक्कांच्या रकान्यात बँकेचा बोजा चढलेला असतो. तो कर्ज फिटले म्हणून आपोआप उतरत नाही. बँकेचा बेबाकी दाखला घ्यायचा, तलाठ्याकडे अर्ज द्यायचा, फेरफार मंजूर करून घ्यायचा. शहरातल्या सदनिकेची मूळ कागदपत्रे बँकेच्या तिजोरीत असतात, ती परत मिळवायची. कर्ज फेडूनही सावकाराने रोखा परत दिला नाही आणि त्याच रोख्यावर पुन्हा दावा लावला, ही दख्खनच्या शेतकऱ्याची जुनी तक्रार होती. सप्टेंबर २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने नियम केला: कर्ज पूर्ण फिटल्यापासून ३० दिवसांत मूळ कागदपत्रे परत द्यायची, उशीर झाला तर दर दिवसाला ५,००० रुपये ऋणकोला द्यायचे. सुप्याच्या बाजारात माणसे जो कागद मागत होती, तो परत देण्यासाठी ठरलेली ही मुदत.